कंबरेचे पिस्तूल : संरक्षण की ओझे?

रोकड घेऊन ये-जा करणाऱ्या व्यापाऱ्याने आत्मरक्षणासाठी लहान शस्त्र जवळ बाळगावे काय आणि बाळगायचे ठरलेच, तर ते कोणत्या निकषांवर निवडावे? इचलकरंजीसारख्या उद्योगनगरीत हा प्रश्न नेहमी चर्चिला जातो. परंतु ही चर्चा बहुधा किंमत, बनावट आणि दिमाख यांपाशीच थांबते. शस्त्राची खरी पारख त्यापुढे सुरू होते.

१९०४ साली विठ्ठलराव दातार यांनी इचलकरंजीत पहिला यंत्रमाग आणला. जहागीरदार नारायणराव बाबासाहेब घोरपडे यांच्या पाठबळाने पंचगंगेकाठच्या या गावात उद्योग रुजला आणि पाहता पाहता ‘महाराष्ट्राचे मँचेस्टर’ उभे राहिले. २०२२ साली नगरपालिकेची महानगरपालिका झाली. सूत, सायझिंग, प्रोसेस, कापड अशी व्यवहारांची मोठी साखळी या शहरात अहोरात्र फिरत असते. मोठे व्यवहार आता बँकेच्या खात्यांतून होतात, हे खरे. तथापि आठवड्याचा पगार, हमाली, किरकोळ दुरुस्ती आणि दिवाळीच्या तोंडावरचा बोनस यांसाठी रोख रक्कम अजूनही हाताळावी लागते. ती बँकेतून कारखान्यापर्यंत नेण्याचे काम कधी मालक करतो, तर कधी वर्षानुवर्षांचे विश्वासू दिवाणजी. वाटेत पाळत ठेवून पिशवी हिसकावली जाईल, ही भीती त्यांच्या मनात सदैव असते. त्या भीतीतूनच शस्त्र परवान्याचा अर्ज जन्माला येतो.

ही भीती अनाठायी म्हणता येणार नाही. स्वतःच्या जिवाचे व कष्टार्जित धनाचे रक्षण करण्याची इच्छा ही कोणत्याही स्वाभिमानी समाजाची सहजप्रवृत्तीच होय. प्रश्न इच्छेचा नसून पात्रतेचा आहे.

निःशस्त्रीकरणाचा वारसा

भारतीय नागरिकाच्या हातून शस्त्र काढून घेतले ते परकीय सत्तेने. लॉर्ड लिटनच्या कारकीर्दीत, १८७८ साली, शस्त्र कायदा आला. युरोपीयांना सूट आणि एतद्देशीयांना परवान्याची सक्ती, असा तो उघड भेदभाव होता. काँग्रेसच्या प्रारंभीच्या अधिवेशनांतही या कायद्याविरुद्ध आवाज उठला. १९३१ च्या कराची ठरावात तर नियमांच्या अधीन राहून शस्त्र बाळगण्याचा हक्क प्रत्येक नागरिकास असावा, असे स्पष्टपणे नमूद केले होते. पुढे डिसेंबर १९४८ मध्ये संविधान सभेत ह. वि. कामत यांनी हा हक्क मूलभूत हक्कांत घालण्याची दुरुस्ती सुचविली. ती स्वीकारली गेली नाही.

स्वतंत्र भारताने १९५९ चा शस्त्र कायदा केला. भेदभाव गेला, परवाना मात्र राहिला. अमेरिकेत शस्त्र बाळगणे हा घटनादत्त हक्क आहे आणि २०२२ मध्ये तेथील सर्वोच्च न्यायालयाने तो घराबाहेरही मान्य केला. आपल्याकडे असा मूलभूत हक्क नाही, याचा उल्लेख भारताच्या सर्वोच्च न्यायालयाने २०२३ मध्ये केला. त्यामुळे अमेरिकी जाहिराती आणि चित्रफिती पाहून येथील नागरिकाने आपली गरज ठरविणे मुळातच चुकीचे आहे. तेथील बाजारपेठ वेगळी, कायदा वेगळा आणि रस्त्यावरची परिस्थितीही वेगळी.

इचलकरंजीच्या अर्जदाराचा परवाना कोल्हापूरचे जिल्हादंडाधिकारी देतात. पोलिसांचा अहवाल येतो, चारित्र्याची व गरजेची छाननी होते. व्यवसायाच्या स्वरूपामुळे जीवित वा मालमत्ता यांच्या रक्षणाची ज्याला खरीखुरी गरज आहे, त्याचा विचार व्हावा, अशी तरतूद २०१६ च्या शस्त्र नियमांत आहे. शस्त्र सुरक्षितपणे हाताळण्याचे प्रशिक्षणही त्याच नियमांनी आवश्यक केले. २०१९ च्या दुरुस्तीने एका व्यक्तीस जास्तीत जास्त दोन अग्निशस्त्रांची मर्यादा घातली आणि परवान्याची मुदत तीन वर्षांवरून पाच वर्षे केली.

याच २०१६ च्या नियमांत एक बारीक, परंतु महत्त्वाची अट आहे. सार्वजनिक ठिकाणी पिस्तूल वा रिव्हॉल्व्हर न्यायचे असेल, तर ते अंगावरच्या म्यानात किंवा तशाच योग्य पिशवीत, पूर्णपणे झाकलेले असले पाहिजे आणि बाळगणाऱ्याचा त्यावर ताबा असला पाहिजे. म्हणजे सदरा वर करून मूठ दाखविणे, मिरवणुकीत कंबरेला लटकावणे, हे नियमाच्या विरुद्ध आहे. आनंदाच्या भरात हवेत गोळीबार करून इतरांचा जीव धोक्यात घालणाऱ्यास २०१९ पासून दोन वर्षांपर्यंत कारावास, एक लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही शिक्षा होऊ शकतात. शस्त्र लपलेले असावे, हीच कायद्याची अपेक्षा आहे. म्हणूनच लहान आकाराच्या शस्त्राला महत्त्व येते.

बाजारात आहे तरी काय?

लष्कर आणि पोलीस वापरतात त्या ९ मिमी, .३८ यांसारख्या बोअरची शस्त्रे सामान्य नागरिकांसाठी दीर्घकाळ निषिद्ध राहिली. त्यामुळे .३२ बोअर हेच भारतीय परवानाधारकाचे नेहमीचे माप झाले. १९८० च्या दशकापासून सर्वसामान्यांसाठी विदेशी शस्त्रांची आयात बंद आहे. म्हणून जुनी विदेशी .३२ पिस्तुले हातोहाती फिरत राहतात आणि त्यांच्या किमती लाखांत जातात. पन्नास वर्षांपूर्वीच्या यंत्रासाठी नव्या मोटारीएवढे पैसे मोजणे, यात संरक्षणापेक्षा हौसच अधिक असते.

स्वदेशी शस्त्रांत कानपूरचे .३२ रिव्हॉल्व्हर अनेक पिढ्यांच्या परिचयाचे आहे. २०१४ मध्ये महिलांना डोळ्यांसमोर ठेवून टायटॅनियम मिश्रधातूचे ‘निर्भीक’ आले. वजन सुमारे अर्धा किलो, सहा गोळ्या आणि किंमत सव्वा लाखाच्या घरात. त्याहून हलके, सुमारे अडीचशे ग्रॅमचे .२२ बोअरचे ‘निडर’ ईशापूरच्या कारखान्याने केले. पिस्तुलांत ईशापूरचेच .३२ ‘अशनी’ आहे. २०२१ मध्ये आयुध निर्माणी मंडळाच्या सात सरकारी कंपन्या झाल्या. त्यांपैकी कानपूरच्या कंपनीने ऑगस्ट २०२३ मध्ये ‘प्रबल’ हे .३२ रिव्हॉल्व्हर बाजारात आणले. काडतुसांविना सुमारे ७०० ग्रॅम वजन, ७६ मिमी नळी आणि १७७.६ मिमी एकूण लांबी. जुन्या रिव्हॉल्व्हरांत गोळ्या भरण्यासाठी शस्त्र मध्यावर मोडावे लागे. ‘प्रबल’चे चक्र बाजूला उघडते, ही त्याची खरी सुधारणा. जाहिरातीत मात्र पन्नास मीटर पल्ल्याचा गाजावाजा अधिक झाला. पिशवी हिसकावणारा पन्नास मीटरवरून येत नाही. तो हाताच्या अंतरावर येतो.

पारख कशाने करावी?

लहान शस्त्राची पहिली कसोटी अशी की, ते रोज जवळ राहिले पाहिजे. जड म्हणून कपाटात ठेवलेले शस्त्र रस्त्यावर कामाला येत नाही. पण जितके लहान तितके चांगले, हा समजही तेवढाच फसवा आहे. नळी आखूड झाली की पुढचे आणि मागचे नेम-चिन्ह जवळ येतात आणि हाताची लहानशी थरथरही नेम चुकविते. वजन घटले की धक्का वाढतो. मूठ लहान असली की करंगळी हवेतच राहते आणि पकड सुटते. .३२ चा धक्का मोठा नसतो, हे खरे. तरीही नवख्या माणसाला अर्ध्या किलोपेक्षा सातशे ग्रॅमचे शस्त्र अधिक आज्ञाधारक वाटते. दुकानात हातावर तोलून जे हलके म्हणून आवडते, तेच सरावाच्या मैदानावर अवघड वाटू लागते.

दुसरी कसोटी पिस्तूल की रिव्हॉल्व्हर, ही. पिस्तूल चपटे असते, सदऱ्याखाली उमटून दिसत नाही आणि मॅगझिन बदलून पटकन भरता येते. परंतु त्यात एक पेच आहे. नळीच्या घरात काडतूस भरून ठेवावे, तर सारी भिस्त सेफ्टीच्या खटक्यावर येते. रिकामे ठेवावे, तर ऐन वेळी दोन्ही हातांनी स्लाइड ओढावी लागते आणि तेव्हा एक हात पिशवीत, गाडीच्या हँडलवर किंवा हल्लेखोराला अडविण्यात गुंतलेला असतो. काडतूस अडकले, तर ते मोकळे करण्याचे शिक्षण वेगळेच. नियमित सराव असणाऱ्याला हे सारे जमते. वर्षातून दोनदा शस्त्र हातात घेणाऱ्याला जमणार नाही.

रिव्हॉल्व्हर जाड असते, गोळ्या सहाच, पण त्याची रीत साधी. घोडा न उचलता चाप ओढला, तर तो लांब व जड लागतो आणि तो जडपणाच अनवधानाने गोळी सुटण्याला काहीसा अटकाव करतो. एक काडतूस फुटले नाही, तरी पुन्हा चाप ओढताच पुढचे समोर येते. म्हणून पन्नाशीच्या आसपासच्या, दिवसभर पेढीवर बसणाऱ्या आणि सरावाला फारसा वेळ न देऊ शकणाऱ्या माणसासाठी मध्यम वजनाचे, नवे, चांगल्या स्थितीतील रिव्हॉल्व्हर हीच शहाणपणाची निवड ठरते.

तिसरी कसोटी म्यानाची. लाखाचे शस्त्र घेणारा माणूस म्यानासाठी चारशे रुपये मोजताना कचरतो, हा अनुभव सार्वत्रिक आहे. वास्तविक चाप पूर्णपणे झाकणारे, पट्ट्यावर घट्ट बसणारे आणि एका हाताने शस्त्र बाहेर येऊ देणारे म्यान नसेल, तर शस्त्र घेऊच नये. किल्ल्या आणि मोबाइल ठेवलेल्या विजारीच्या खिशात सुटे रिव्हॉल्व्हर टाकणे म्हणजे अपघाताला आमंत्रण होय.

इचलकरंजीचे वेगळेपण

कापडनगरीत काही गोष्टींचा विशेष विचार करावा लागतो. यंत्रमागाच्या खात्यात कापसाचे तंतू हवेत तरंगत असतात. ते कपड्यांवर बसतात, खिशात शिरतात आणि तेल लावलेल्या शस्त्रावर चिकटून त्याचा लगदा होतो. सायझिंगची वाफ आणि उन्हाळ्याचा घाम यांमुळे पोलादावर गंज चढतो. ज्याचे मागाला तेल घालायचे चुकत नाही, त्याने शस्त्राची आठवड्याची सफाईही चुकवू नये. काडतुसेही वर्षानुवर्षे तीच ठेवू नयेत. जुनी सरावात संपवून नवी घ्यावीत.

दुसरी गोष्ट पिशवीची. अनेकजण शस्त्र रोकडीच्याच पिशवीत ठेवतात. लुटारूला हवी असते ती नेमकी पिशवीच. ती हिसकावली गेली की रोकड जाते आणि शस्त्रही त्याच्या हाती पडते. मालकाच्या परवान्याचे रिव्हॉल्व्हर मग पुढच्या गुन्ह्यात वापरले जाते आणि त्याचा जाब मालकाला द्यावा लागतो. दुचाकीवरून जाताना पिशवी पायाशी व शस्त्र डिकीत, हीही तीच चूक.

तिसरी गोष्ट सीमेची. इचलकरंजीहून बोरगाव, निपाणी ही कर्नाटकातील गावे जवळच आहेत. सुताच्या वा शेतीच्या कामासाठी रोज कोणी ना कोणी तिकडे जातो. परवान्यावर त्याची क्षेत्रमर्यादा लिहिलेली असते. ती महाराष्ट्रापुरती असेल, तर राज्याची सीमा ओलांडताच परवानाधारक कायद्याच्या कचाट्यात सापडतो. निवडणूक आचारसंहितेच्या काळात छाननी समितीने सांगितल्यास शस्त्र ठाण्यात जमा करावे लागते, हेही ध्यानी असावे.

आणि परवाना मिळत नाही म्हणून दुसरी वाट धरणे हा तर निखळ आत्मघात आहे. मध्यप्रदेशातील बडवानी जिल्ह्यातल्या उमर्टीसारख्या गावांतून येणारे गावठी कट्टे महाराष्ट्रात पोलिसांच्या कारवाईत वारंवार सापडतात. असे विनापरवाना शस्त्र जवळ सापडल्यास किमान दोन वर्षांची शिक्षा आहे. ते हातात फुटण्याची शक्यता वेगळीच.

चाप ओढण्यापूर्वी

१ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत खासगी संरक्षणाचा हक्क कलम ३४ ते ४४ मध्ये आहे. प्राणघातक हल्ला किंवा गंभीर दुखापतीची वाजवी भीती असेल, जबरी चोरी होत असेल, तर हल्लेखोराचा मृत्यू ओढवण्यापर्यंत हा हक्क जाऊ शकतो. परंतु बचावासाठी आवश्यक तेवढ्यापेक्षा अधिक इजा करण्याची मुभा कोणालाही नाही. पिशवी घेऊन पळणाऱ्याच्या पाठीत घातलेली गोळी आणि छातीवर सुरा रोखणाऱ्यावर झाडलेली गोळी, या दोन्ही न्यायालयाच्या दृष्टीने एक नव्हेत. पहिल्या प्रसंगी धोका टळलेला असतो आणि गोळी झाडणाराच आरोपी होऊ शकतो. गजबजलेल्या रस्त्यावर चुकलेली गोळी कोणत्या निरपराध्याला लागेल, याचाही भरवसा नाही. रोकड विम्याने भरून येते. गेलेला जीव येत नाही.

सराव असलेल्या माणसालाही झाकलेले शस्त्र बाहेर काढून नेम धरायला दीड-दोन सेकंद लागतात. हल्लेखोराने आधीच शस्त्र रोखलेले असेल, तर ते दोन सेकंद मिळत नाहीत. म्हणून कंबरेचे शस्त्र ही शेवटची फळी समजावी. पहिली फळी सावधपणाची. पगार शक्य तितका खात्यात जमा करणे, बँकेत जाण्याची वेळ आणि वाट बदलत राहणे, रोकड नेताना दोघांनी जाणे, रकमेची वाच्यता न करणे. हे उपाय फुकट आहेत, त्यांना परवाना लागत नाही आणि बहुतेक प्रसंग तेच टाळतात.

घरातील धोका

शस्त्र रस्त्यावर फार तर तासभर असते. उरलेला दिवस ते घरात असते आणि खरा धोका तेथेच आहे. १ ऑक्टोबर २०२४ रोजी अभिनेते गोविंदा मुंबईत स्वतःच्याच परवानाधारक रिव्हॉल्व्हरमधून सुटलेल्या गोळीने पायाला जखमी झाले. त्याच वर्षी ८ फेब्रुवारीला दहिसर येथे माजी नगरसेवक अभिषेक घोसाळकर यांची हत्या झाली. हल्लेखोराने वापरलेले पिस्तूल त्याच्या अंगरक्षकाच्या नावे परवाना असलेले होते, असे पोलिसांनी सांगितले. पहिल्या घटनेत हाताळणी चुकली, दुसरीत शस्त्र भलत्याच हाती गेले. शस्त्र कितीही उत्तम असले, तरी या दोन गोष्टींवर ते स्वतः काहीच करू शकत नाही. भिंतीत पक्की बसविलेली कुलूपबंद पेटी, किल्ली फक्त परवानाधारकाकडे आणि काडतुसे वेगळ्या जागी, एवढी व्यवस्था होईपर्यंत शस्त्र घरात आणू नये. क्रोधी स्वभाव, मद्यपान किंवा घरातील कलह असेल, तर परवाना मिळत असतानाही तो नाकारणे यातच पुरुषार्थ आहे.

कोल्हापूरची नेमबाजी

कोल्हापूर जिल्ह्याला शस्त्राच्या शिस्तीची शिकवण बाहेरून आणावी लागणार नाही. तेजस्विनी सावंत २०१० मध्ये म्युनिच येथे विश्वविजेती ठरली. राही सरनोबतने २०१३ मध्ये चँगवॉनच्या विश्वचषकात २५ मीटर पिस्तूल प्रकारात आणि २०१८ च्या आशियाई क्रीडास्पर्धेत सुवर्ण जिंकले. राधानगरी तालुक्यातील कांबळवाडीच्या स्वप्नील कुसाळेने २०२४ च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये कांस्यपदक आणले. या खेळाडूंनी वर्षानुवर्षे दिवसाचे तास देऊन जे कमावले, त्याचा शतांश सरावही अनेक परवानाधारक करीत नाहीत. परवाना घेतल्यानंतर एकही गोळी न झाडलेली माणसे कमी नसतील. कोल्हापुरात दुधाळीसारखे नेमबाजीचे मैदान आहे आणि इचलकरंजीहून ते अंतर सुमारे तीस किलोमीटर. प्रशासन, नेमबाजी संघटना आणि यंत्रमागधारकांच्या संस्था यांनी एकत्र येऊन परवानाधारकांसाठी नियमित सरावाची व्यवस्था उभी केली, तर शस्त्र परवान्याला खरा अर्थ येईल. नूतनीकरणाच्या वेळी अशा सरावाचा दाखला मागण्यासही कोणाची हरकत असू नये. याच्या बदल्यात प्रशासनानेही खऱ्या गरजूचा अर्ज महिनोन्‌महिने धूळ खात ठेवू नये. पात्र माणसाला वेळेत होकार आणि अपात्राला स्पष्ट नकार, एवढीच अपेक्षा आहे.

खंडेनवमीला इचलकरंजीत मागांना हळद-कुंकू लागते, झेंडूची माळ चढते आणि त्या शेजारी शस्त्रही पूजेला ठेवले जाते. पूजेच्या आदल्या दिवशी माग पुसून, तेल घालून, सैल झालेले भाग कसून ठेवण्याची चाल आहे. जो माग वर्षभर निगराणीत असतो, त्याचीच पूजा सार्थ होते. शस्त्राचेही तसेच आहे. ज्याची वर्षभर सफाई, सराव आणि राखण करण्याची तयारी आहे, त्याने ते अवश्य घ्यावे, कायद्याने घ्यावे आणि झाकून बाळगावे. ज्याची ती तयारी नाही, त्याने सावधपणाचे बिनखर्ची उपाय अंगीकारावेत. संरक्षण त्यानेही होते आणि अधिक खात्रीने होते.